पंगत दंगलीतला चौथा गडी

मित्रांनो, मी एक खेळ आहे. मैदानातला नव्हे, टीव्हीच्या पडद्यावरचा. चार जणांनी एकाच खोलीत मांडीला मांडी लावून बसायचं, हातात एकेक रिमोट घ्यायचा आणि मला खेळायचं. माझं नाव 'पंगत दंगल'. इथपर्यंत सांगायला मला काही वाटत नाही. पण माझ्यात काय चालतं हे सांगायची वेळ आली की जीभ अडखळते, आणि तुमच्यासारख्या मुलांपुढे तर फारच. तरी स्वतःची हकिगत सांगायला बसलो आहे तर लपवाछपवी नको, म्हणून एकदाच सांगून टाकतो. माझ्यात चार गडी पंगतीला बसतात. जिलेबी, मठ्ठा, मसालेभात, वांग्याची भाजी, जे पुढ्यात पडेल ते भराभर खातात. पोट फुगलं की ढेकर देतात, आणि ढेकराने भागलं नाही तर दुसऱ्या वाटेने वारा सोडतात. त्या झोताने शेजारचा पाटावरून उडून पडतो. शेवटी जो पाटावर उरेल तो जिंकला. जिंकलेला गडी उठून नाचतो आणि नाचता नाचता त्याची विजार घसरते. आत पट्ट्यापट्ट्यांची चड्डी असते. झालं, सांगितलं.

वयाने म्हणाल तर मी तीन वर्षांचा. माणसात हे वय बालवाडीचं, पण आम्हा खेळांमध्ये तीन वर्षांचा म्हणजे जुनाच म्हणायचा. मला कुणी चालू केलं तरच मला दिसतं आणि ऐकू येतं. लॅपटॉपचं झाकण मिटलं की मी नसतोच. त्यामुळे माझं आयुष्य तुकड्यातुकड्यांचं आहे. मधलं जे काही कळलं, ते माझ्यासमोर बसून माणसं जे बोलली त्यातून.

मला घडवलं जयदीपने. तो चाकणच्या एका कंपनीत गाड्यांचे सुटे भाग तपासायचं काम करतो. दिवसभर भाग मोजायचे, केसाएवढा फरक दिसला तरी बाजूला काढायचे. राहायला काळेवाडीत, बहीण करिष्माबरोबर. करिष्मा फ्लेक्सच्या दुकानात वाढदिवसाचे आणि निवडीबद्दल अभिनंदनाचे बोर्ड तयार करते, त्यामुळे कुणाचाही चेहरा घेऊन त्याला हवा तसा रुबाबदार करणं हा तिच्या डाव्या हातचा मळ. कंपनीला गुरुवारी सुट्टी असते. त्या दिवशी जयदीप मला उघडून बसायचा आणि करिष्मा दुकानातून जेवायला घरी आली की माझ्या गड्यांना रंग द्यायची. दोन वर्षांचे गुरुवार माझ्यावर गेले. इतक्या मायेने कुणी इतकं वाह्यात काही घडवलं असेल असं मला वाटत नाही.

पहिले तीन गडी मनाने रचलेले होते. एक नवरदेव, एक पैलवान, एक आचारी. त्यांचे आवाज दोघांनी घरातच काढले. जयदीप सोड्याची बाटली एका दमात पिऊन ढेकर द्यायचा. दुसरा आवाज फुग्याचं तोंड ताणून काढला, आणि तो काढताना करिष्मा हसून हसून जमिनीवर बसली. तुम्हाला सांगतो, ते दिवस चांगले होते. माझ्यामुळे तेव्हा कुणाला काही त्रास झाला नव्हता.

चौथा गडी मात्र जमेना. जो काढावा तो उरलेल्या तिघांसारखाच दिसे. आणि मग एका गुरुवारी जयदीप फोन नाचवत आला आणि म्हणाला, चौथा मिळाला, तो रोज माझ्या समोरच्या बाकावर जेवतो.

तो माणूस म्हणजे बबनराव. बीडकडचे, तिशीच्या आधीच इकडे आलेले, कंपनीत एकतीस वर्षं प्रेस मशीनवर. निवृत्तीला दीड वर्ष उरलेलं. मे महिन्यातही गळ्यात तपकिरी मफलर, चष्म्याला काळी दोरी. कॅन्टीनमध्ये जेवण झालं की ते पेलाभर पाणी पीत, शर्टाचं वरचं बटण काढत, पोटावरून दोनदा हात फिरवत आणि मग ढेकर देत. साधासुधा नव्हे. लांबलचक, वर चढत गेलेला आणि शेवटी समाधानाने खाली उतरलेला. त्यांचा हात बटणाकडे गेला की पोरं 'बटण, बटण' म्हणून बाकावर थापा मारायची. ढेकर झाला की बबनराव भात वाढायच्या खिडकीकडे बघून हात जोडायचे आणि सगळं कॅन्टीन हसायचं. तेही हसायचे. जयदीपने फोन पाण्याच्या तांब्याआड ठेवून तो आवाज घेतला होता.

करिष्माने त्याला विचारलं होतं. मी तिथेच होतो, मी ऐकलं. चित्र काढायला हात घालायच्या आधी ती म्हणाली, काकांना सांगितलंस का? जयदीप म्हणाला, "त्यांना काय सांगायचंय? ते स्वतःच हसतात." तेवढ्यावर तिचं समाधान झालं. तिने मफलर काढला, चष्मा काढला, कंपनीचा निळा शर्ट काढला आणि वरच्या बटणावर तर दोन गुरुवार घालवले. त्याचं नाव ठेवलं गॅसकाका. आणि आता जे सांगतो त्याची मला सगळ्यात जास्त लाज वाटते. तो आवाज माझ्यात घातला तेव्हा मला आनंद झाला. पहिल्यांदाच मला वाटलं की आता मी पुरा झालो.

माझं कौतुक झालं ते त्याच्याच जिवावर. कंपनीतल्या पोरांनी मला पेन ड्राइव्हवर घालून घरी नेलं. तिथून मी त्यांच्या भावांकडे, मित्रांकडे, वाढदिवसांना, हळदीच्या मांडवात गेलो. जयदीपने मला इंटरनेटवर ठेवलं, तेव्हा मराठीचं अक्षर न वाचता येणारी माणसंसुद्धा मला खेळू लागली. चौघं बसले की आधी भांडण व्हायचं ते गॅसकाका कोण घेणार यावरून. लोक लिहायचे की चौथा गडी एक नंबर, त्याचा आवाज अगदी खरा वाटतो. तो खराच होता हे फक्त आम्हाला ठाऊक होतं. बबनरावांचा फोन जुना, बटणांचा. कॅन्टीनमधली पोरं त्यांना गॅसकाका म्हणू लागली तेव्हा त्यांना वाटलं, आपल्या ॲसिडिटीची चेष्टा चालली आहे.

मित्रांनो, खंडेनवमीला इकडच्या कारखान्यांत मशीन धुऊन पुसून त्यांची पूजा करतात. झेंडूच्या माळा घालतात, हळदकुंकू वाहतात, आणि त्या दिवशी कामगारांच्या घरच्यांना आत येऊन सगळं बघता येतं. गेल्या खंडेनवमीला कामगारांच्या मंडळाने जयदीपला सांगितलं की कॅन्टीनमध्ये पोरांसाठी तुझा खेळ लाव. आपल्या खेळाला कंपनीत मान मिळतोय म्हटल्यावर तो हुरळून गेला. मोठा पडदा आणला, गणपतीतले स्पीकर जोडले. केसाएवढा फरक हेरणाऱ्या माणसाच्या डोक्यात एवढी एक गोष्ट आली नाही, की आज बबनरावही त्याच खोलीत असणार.

ते आले, आणि त्यांच्याबरोबर त्यांची नात आरोही. तिसरीतली, दोन वेण्या घातलेली. चार रिमोट मांडले होते, त्यातला एक तिने पटकन उचलला आणि पडद्यावरचे गडी पाहून हरखली. "आजोबा, इथे तुम्ही आहात," ती म्हणाली आणि तिने चौथा गडी निवडला. तिला वाटलं, कंपनीने आजोबांसाठी केलंय.

ती छान खेळली. मी अनेकांच्या हातात गेलो आहे, पण इतक्या मन लावून मला फार थोडे खेळले असतील. तिने पैलवानाला उडवलं, आचाऱ्याला उडवलं आणि शेवटी नवरदेवालाही. दर वेळी तो ढेकर स्पीकरमधून सगळ्या कॅन्टीनभर घुमला. बबनराव मागे उभे होते, हातात प्रसादाचं खोबरं. आधी ते सवयीने हसले. दुसऱ्यांदा आवाज आला तेव्हा त्यांचं हसू थोडं अडलं. तिसऱ्यांदा आला तेव्हा त्यांचा हात आपोआप स्वतःच्या बटणाकडे गेला आणि तिथेच राहिला. ते पाहून पोरं ओरडली, "बटण, बटण!" आणि मग विजयाचा नाच सुरू झाला. गॅसकाका उठले, कंबर हलवू लागले आणि त्यांची विजार घसरली.

सगळी खोली हसली. बायका, मुलं, कंपनीचे साहेब, सगळे. आरोहीही हसत होती, जिंकली म्हणून. मग तिने मान वळवून लोकांकडे पाहिलं. ते पडद्याकडे बघत नव्हते, तिच्या मागे बघत होते. तिनेही मागे वळून पाहिलं. तिने रिमोट सावकाश जमिनीवर ठेवला आणि म्हणाली, "आजोबा, मी मुद्दाम नाही केलं."

"न्हाई गं बाई," बबनराव म्हणाले, "लई चांगली खेळलीस." आणि तिचा हात धरून ते बाहेर गेले.

मी मात्र थांबलो नाही. मला थांबता येत नाही. नाच संपवायचा तर जिंकणाऱ्याला आपल्या रिमोटवरचं बटण दाबावं लागतं, आणि तो रिमोट जमिनीवर पडला होता. जयदीपला भान येऊन त्याने वायर ओढेपर्यंत मी त्या माणसाला चारचौघांत चड्डीवर नाचवत राहिलो.

त्यानंतरच्या गुरुवारी जयदीपने मला उघडलं, पण काम काही केलं नाही. करिष्माला म्हणाला, काका रागावलेत बहुतेक, कॅन्टीनमध्ये दिसत नाहीत. दिवाळी झाली की सॉरी म्हणून टाकतो. करिष्मा म्हणाली, दिवाळीपर्यंत कशाला थांबायचं? जयदीपला तोंड दाखवायची लाज वाटत होती आणि लाज वाटतेय हे कबूल करायचीही लाज वाटत होती. मला त्याचं ते वागणं पुरतं समजलं.

दिवाळी गेली. मग एका बुधवारी तो कामावरून आला तो गणवेशही न बदलता माझ्यासमोर येऊन बसला. बबनराव मशीनपाशी चक्कर येऊन खाली बसले होते. शेजारच्याने धावत जाऊन प्रेस बंद केला म्हणून हात वाचला. दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, जेवलात का? तेव्हा कळलं की खंडेनवमीपासून हा माणूस कंपनीत जेवलेलाच नाही. पहाटे पाचला चहा घेऊन दापोडीहून कंपनीची बस धरायची आणि चार वाजता घरी जाऊन भाकरी खायची. जेवणाच्या सुट्टीत ते सायकल स्टँडमागे जाऊन बसत. कारण जेवलं की ढेकर येणार, आणि आला की लोक हसणार. त्याला औषध एकच, जेवायचंच नाही.

हे जयदीपला डॉक्टरांकडून नाही कळलं. कळलं शालनबाईंकडून. शालनबाई चाकणजवळच्याच गावच्या, कॅन्टीनमध्ये स्वयंपाक करतात, भात वाढायच्या खिडकीत त्याच उभ्या असतात. त्या दिवशी हातातला भाताचा डाव तसाच घेऊन त्या जयदीपच्या बाकापाशी आल्या. त्या काय बोलल्या ते त्याने करिष्माला शब्दाला शब्द सांगितलं आणि मी ते जसंच्या तसं जपून ठेवलं आहे.

"आमी दोनशे माणसांचं रांधतो," त्या म्हणाल्या. "वाईट झालं की समदे सांगाय येत्यात. चांगलं झालं म्हून कुणी येत न्हाई. ह्यो एकच माणूस, जेवला की ढेकर द्यायचा अन् माझ्याकडं बघून हात जोडायचा. एकतीस वर्सं. त्यो ढेकर माझा व्हता. तू त्याचं काय केलंस?"

इतकी वर्षं सगळ्यांनी ते हात जोडणं विनोदाचा शेवट म्हणून पाहिलं होतं. खिडकीत कोण उभं असतं, हे एकानेही वळून पाहिलं नव्हतं. करिष्माने पडद्यावरच्या गॅसकाकाच्या शर्टावर बोट ठेवलं. मग म्हणाली, "मी विचारलं होतं, असं म्हणून मला सुटता यायचं नाही. ते बटण मीच काढलंय."

दुसऱ्या दिवशी गुरुवार होता. करिष्माने दुकानातून सुट्टी घेतली आणि दोघं मला घेऊन दापोडीला गेले. झाकण उघडलं तेव्हा मी एका छोट्या खोलीत खाटेवर होतो, बाहेरून रेल्वे जात होती आणि भिंती जरा थरथरत होत्या. बबनराव समोर बसले होते, घरातही मफलर गुंडाळून. त्यांच्या बायकोचं नाव सावित्रीबाई. त्या आत स्टोव्हपाशी होत्या. आरोही शाळेत गेली होती, आणि खरं सांगतो, मला सुटल्यासारखं वाटलं.

जयदीपने पाठ करून आणलेली माफी त्याला धड म्हणता आली नाही. तो एवढंच म्हणाला की काका, मी न विचारता घेतलं, आता तुमच्यासमोर पुसतो. बबनरावांनी विचार केला आणि म्हणाले, पुसायच्या आधी एकदा वाजव. जयदीप घुटमळला. त्यांनी पुन्हा सांगितलं तेव्हा त्याने वाजवलं. त्या बंद खोलीत, कुणी हसायला नसताना, तो आवाज फारच वेगळा वाटला. एका पोटभर जेवलेल्या माणसाचा आवाज होता तो, त्यात दुसरं काहीच नव्हतं.

"असा येतो व्हय मला," बबनराव म्हणाले. "बरं, पूस आता."

जयदीपने पुसलं. आधी आवाज, मग चित्र, मग नाव. मला दुखलं नाही. माझ्या पंगतीतला एक पाट रिकामा झाला, एवढंच. करिष्मा पदराला हात पुसावेत तसे ओढणीला हात पुसत होती, कशाला ते तिलाही ठाऊक नसावं.

"रागबिग काही न्हाई," बबनराव म्हणाले. "फक्त एक. इतकी वर्सं मला वाटायचं, पोरं माझ्यासंगं हसत्यात."

जयदीप रडला. बबनरावांनी त्याच्या पाठीवर हात ठेवून 'कामून रडतो बाबा' असं म्हटलं आणि आतून सावित्रीबाईंनी सांगितलं की आलाच आहात तर दोन घास खाऊन जा. ज्वारीच्या भाकरी होत्या, मेथीची भाजी होती, शेंगदाण्याची चटणी होती. माझं झाकण मिटायचं कुणाच्या लक्षात आलं नाही, म्हणून पुढचं मी पाहिलं.

तिघं जेवले, सावित्रीबाई वाढत होत्या. जयदीपचा चेहरा हलका झाला होता. चूक केली, कबूल केली, पुसली, आता झालं, असं काहीसं त्याला वाटत असावं. मलाही तसंच वाटत होतं. बबनराव शेवटचा घास खाऊन पेलाभर पाणी प्यायले. त्यांचा हात बटणाकडे गेला, अर्ध्या वाटेत थांबला आणि खाली आला. मग त्यांनी भिंतीकडे तोंड केलं, मफलरचं टोक तोंडावर घट्ट दाबून धरलं आणि त्यांचे खांदे एकदा वर होऊन खाली आले. आवाज आला नाही.

सावित्रीबाई हातात भाकरी घेऊन वाट बघत उभ्या होत्या. इतक्या वर्षांच्या संसारात त्यांनी ती वाट रोज पाहिली असेल. त्यांनी नवऱ्याच्या पाठीकडे पाहिलं, मग पातेल्याकडे.

"भाजी जमली न्हाई का आज?" त्यांनी विचारलं.

"जमली की," बबनराव भिंतीकडे बघतच म्हणाले. सावित्रीबाईंनी पातेल्यातली भाजी बोटावर घेऊन चाखून पाहिली आणि भाकरी परत टोपलीत ठेवली. जयदीपने ताटातल्या हाताची मूठ केली आणि मान वर केली नाही.

मित्रांनो, त्यानंतर जयदीपने मला फारसं उघडलेलं नाही. बबनराव कॅन्टीनमध्ये यायला लागलेत, एवढं तो एकदा करिष्माला सांगत होता. जयदीप आता त्यांच्याच शेजारी बसतो. पोरांनी बाकावर थापा मारणं सोडलंय. ते दोन चपात्या खातात, खिडकीकडे हात जोडतात आणि मग उठून नळापाशी जातात. नळ मोठा सोडतात आणि बराच वेळ चूळ भरत राहतात. शालनबाई डाव हातात धरून त्या नळाकडे बघत असतात. मार्चमध्ये ते निवृत्त होणार आहेत.

मी वाईट खेळ नाही, असं करिष्मा म्हणते. नवरदेव, पैलवान, आचारी अजून माझ्यात आहेत, आणि त्यांच्यावर तुम्ही पोट धरधरून हसलात तरी कुणाचा घास अडणार नाही. पण मला तेवढ्याने बरं वाटत नाही. जयदीपने पुसलं ते त्याच्यापाशी असलेल्या माझ्यातून आणि इंटरनेटवरच्या माझ्यातून. पेन ड्राइव्हवरून गेलेले माझे जुने भाऊ किती घरांत आहेत ते त्यालाही सांगता येत नाही. तिथे कुठेतरी या क्षणी चौघं मांडी घालून बसली असतील, चौथा गडी कोण घेणार म्हणून भांडत असतील.

तुमच्या घरात माझी ती जुनी प्रत असली, निळ्या शर्टाचा आणि तपकिरी मफलरचा गडी असलेली, तर माझी तुम्हाला एवढीच विनंती आहे. खेळू नका, कुणाला दाखवू नका, पुसून टाका. त्या माणसाला दापोडीच्या घरात अजून जेवून भिंतीकडे तोंड करावं लागत असणार, आणि सावित्रीबाई अजून रोज भाजी चाखून बघत असणार.